दगड कोठे सापडला?



गेल्या दिवाळीच्या सुटीत आम्ही प्रयोगशाळेतील जुने कपाट आवरायला काढले. खालच्या खणात एक पत्र्याची पेटी निघाली. तिच्यात बोटाच्या पेराएवढी, कडेला धार असलेली दगडाची पाती होती. त्यातील दोन लालसर अकीकाची. कोणा विद्यार्थ्याने किंवा शिक्षकाने पूर्वी कधी तरी हौसेने आणून दिली असावीत. पेटीत चिठ्ठी नाही, नोंदवहीत उल्लेख नाही. एका जाणकारांना ती दाखवली. त्यांनी पहिलाच प्रश्न केला, "कोठे सापडली?" आमच्याजवळ उत्तर नव्हते. "माणसाने घडवलेली आहेत खरी, पण आता ती काहीच सांगू शकत नाहीत," असे म्हणून त्यांनी पेटी परत दिली. ते वाक्य आमच्या मनाला लागले. म्हणून या अंकातील पाठ त्या पेटीवर.

लिहिण्याआधीचा इतिहास

आमचे शिक्षण हिंदी माध्यमातून झाले. आमच्या पुस्तकात 'पाषाण काल' एका पानात संपत असे आणि पुढच्या पानापासून राजे सुरू होत. वास्तविक माणसाच्या वाटचालीचा फार मोठा भाग त्या एका पानातच आहे. लेखनकला अवगत होण्यापूर्वीच्या काळास प्रागैतिहासिक काळ म्हणतात. त्या माणसांनी पत्रे, शिलालेख, बखरी ठेवल्या नाहीत. मागे उरले ते दगड, हाडे, खापरे आणि थडगी.

बडोद्याच्या नोकरीतील फूट साहेब

भारतात या अभ्यासाचा पाया रॉबर्ट ब्रूस फूट यांनी घातला. ते इंग्लंडातील ग्लॉस्टरशायर परगण्यातल्या चेल्टनहॅमचे. भूगर्भ खात्यात काम करीत असता ३० मे १८६३ रोजी मद्रासजवळील पल्लावरम येथे त्यांना अश्मयुगीन हत्यार मिळाले. त्याच वर्षी अत्तिरामपक्कम हे स्थळही उजेडात आले. १८९१ मध्ये निवृत्त झाल्यावर ते श्रीमंत सयाजीराव महाराजांच्या बडोदे संस्थानात भूगर्भतज्ज्ञ म्हणून आले आणि १८९३ मध्ये साबरमतीच्या खोऱ्यात त्यांना दगडी हत्यारे सापडली.

फूट यांची खरी थोरवी त्यांच्या नोंदींत आहे. कोणती वस्तू कोणत्या ठिकाणी मिळाली, हे ते लिहून ठेवीत. त्यांचा संग्रह मद्रासच्या संग्रहालयात गेला आणि त्यांच्या निधनानंतर त्याची सविस्तर यादी छापली गेली. ठिकाण ठाऊक असल्यामुळे पुढच्या संशोधकांनी अत्तिरामपक्कम येथे पुन्हा उत्खनन केले. तेथील सर्वांत जुनी हत्यारे सुमारे १५ लाख वर्षांपूर्वीची असल्याचे २०११ मध्ये प्रसिद्ध झाले. जवळजवळ दीडशे वर्षांनी त्या नोंदीला हे फळ आले!

विश्वामित्रीच्या काठी

आता आपल्या घराजवळ येऊ. बडोद्याच्या ईशान्येस मही नदीच्या खोऱ्यात आदिमानवाची ओबडधोबड हत्यारे मिळाली आहेत. विश्वामित्रीच्या काठी मात्र तशी मिळत नाहीत. याचे कारण साधे आहे. महीच्या पात्रात गोटे आहेत. विश्वामित्रीच्या काठी माती आणि वाळू. हत्याराला लागणारा दगडच नाही, तर माणूस तेथे थांबेल कशाला?

पुढे माणसाने लहान पाती घडवण्याची कला साधली. अशी पाती लाकडात किंवा हाडात ओळीने बसवून बाण, विळे तयार होत. दगड थोडासा लागे, आणि थोडा दगड बरोबर नेता येतो. अकोट्याच्या धनटेकरीवर अशी लहान पाती मिळाली आहेत. काठावर दगड नाही, म्हणजे तो दुसरीकडून आणलेला. पाहा, 'दगड कोठे सापडला?' या एका प्रश्नातून केवढी माहिती हाती लागते! महाराजा सयाजीराव विद्यापीठात प्रा. सुब्बाराव यांनी या भागाचा अभ्यास करून १९५३ मध्ये बडोद्याच्या प्राचीनतेवर ग्रंथ प्रसिद्ध केला.

विदर्भातील शिळावर्तुळे

आपल्यापैकी काहींचे आजोळ नागपूरकडे आहे. नागपूरजवळ जुनापाणी येथे मोठमोठे गोटे गोलाकार मांडलेली वर्तुळे आहेत. ही लोहयुगातील माणसांची दफनस्थाने. १८७९ मध्ये रिव्हेट-कार्नाक यांनी त्यांविषयी लिहिले. पुढे डॉ. शां. भा. देव आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी टाकळघाट-खापा, माहूरझरी, नायकुंड येथे उत्खनने केली. लोखंडी कुऱ्हाडी, काळी-तांबडी भांडी, मणी मिळाले. माहूरझरीला मृताबरोबर पुरलेला घोडा तांब्याच्या दागिन्यांसह मिळाला. नायकुंडला लोखंड गाळण्याची भट्टी सापडली. यातील कोणतीही वस्तू बाजारातून विकत आली असती, तर ती कोणाची, कशासाठी पुरली, हे कळले असते का?

इंग्लंडातील उदाहरण

फूट यांच्या ग्लॉस्टरशायरला लागूनच विल्टशायर परगणा आहे. तेथील स्टोनहेंजचे मोठे दगड सुमारे साडेचार हजार वर्षांपूर्वी उभे केले गेले. ते जवळपास २५ किलोमीटरवरून आणल्याचे २०२० मध्ये दिसून आले. लहान निळसर दगड वेल्समधून आले. मधली एक शिळा तर थेट स्कॉटलंडच्या ईशान्य भागातली, असे २०२४ मध्ये जाहीर झाले. तेथेही तोच प्रश्न, दगड आला कोठून?

जवळच्या एव्हबरी गावात मात्र सतराव्या-अठराव्या शतकांत गावकऱ्यांनीच उभे दगड आगीने तापवून, पाणी ओतून फोडले आणि घरांना वापरले. विल्यम स्टकली या गृहस्थांनी त्या काळी जागेवर जाऊन चित्रे व मोजमापे करून ठेवली, म्हणून आज निदान कोणता दगड कोठे होता हे समजते.

आपण काय करावे?

१. शेतात, नदीकाठी, टेकाडावर जुने पाते, खापर किंवा मणी दिसल्यास उचलू नका. शेजारी नाणे ठेवून छायाचित्र घ्या. गाव, शेत, नदी, तारीख लिहा आणि शिक्षकांना दाखवा. शाळा ती माहिती विद्यापीठाच्या पुरातत्त्व विभागाकडे पाठवील.

२. पालकांनी सुटीत गावी गेल्यावर मुलांना घेऊन टेकाडे, वर्तुळे पाहावीत. 'भुताची जागा' किंवा 'निरुपयोगी दगड' असे म्हणून विषय संपवू नये.

३. विश्वस्त मंडळास विनंती, की शाळेत एक नोंदवही व एक काचेचे कपाट ठेवण्यास मंजुरी द्यावी. खर्च थोडा आहे.

ती पेटी आम्ही टाकून देणार नाही. कपाटात पहिली तीच ठेवू आणि खाली लिहू : 'ठिकाण माहीत नाही. चूक शाळेची.' आपल्या माजी विद्यार्थ्यांपैकी कोणास ती पाती आणल्याचे आठवत असेल, तर कृपया शाळेत येऊन सांगावे. आम्ही वाट पाहू.

स्वाध्याय

१. विश्वामित्रीच्या काठी मोठी दगडी हत्यारे का मिळत नाहीत?
२. फूट यांच्या संग्रहात आणि आपल्या शाळेच्या पेटीत कोणता फरक आहे?
३. आजी-आजोबांना विचारून आपल्या मूळ गावाजवळील एका जुन्या टेकाडाची किंवा दगडाची माहिती दहा ओळींत लिहा. ठिकाण लिहायला विसरू नका.