मणी कुणाला नाकारतो?

अद्भुतकथा लिहू पाहणाऱ्यांची हस्तलिखितं मी बरीच वर्षं वाचत आलो आहे आणि त्यांत जादूचा स्फटिक हमखास भेटतो. निळा किंवा जांभळा, आतून उजळणारा, कुठल्याशा विसरलेल्या गुहेत सापडलेला. सुरुवातीला तो जखमा भरतो, मग बंद दारं उघडतो, पुढे मेलेल्याला उठवतो. तिथे गोष्ट संपलेली असते, पानं मात्र चालूच राहतात. काहीही करू शकणारी वस्तू हाताशी असली की नायकाला डोकं चालवायची गरज उरत नाही आणि वाचकाला काळजी करायची. म्हणून नव्याने लिहिणाऱ्यांना माझं सांगणं असं, की स्फटिकाची शक्ती ठरवण्याआधी त्याची अट ठरवा. तो कुणाला नाकारतो आणि वापरणाऱ्याकडून काय वसूल करतो, हे कळल्याशिवाय त्याला कथेत आणू नका.

याचा उत्तम नमुना आपल्या घरातच आहे. गणेशचतुर्थीला चंद्र पाहू नये म्हणतात तेव्हा कृष्णावरच्या आळाची, म्हणजे स्यमंतक मण्याची गोष्ट सांगितली जाते. मणी रोज आठ भार सोनं देतो, पण त्या सोन्याचं काय झालं याची कथेला फारशी फिकीर नाही. विष्णुपुराणातली खरी मेख अशी, की शुचिर्भूत माणसाने धारण केला तर मणी कल्याण करतो आणि अशुद्ध माणसाचा घात करतो. तो गळ्यात घालून शिकारीला गेलेला मण्याच्या मालकाचा भाऊ प्रसेन सिंहाच्या तोंडी जातो, ते या अटीमुळेच. शेवटी मणी यादव अक्रूराकडे सापडतो तेव्हाही निवाडा अटच करते. कृष्ण म्हणतो, माझ्या इतक्या स्त्रिया, मला तो पेलणार नाही. बलरामाला त्यासाठी मद्य सोडावं लागेल. तेव्हा तो अक्रूराकडेच राहू दे. ज्याच्यावर चोरीचा आळ आला, त्यालाच मणी ठेवून घेता येत नाही. हा शेवट बाहेरून चिकटवलेला नाही, मण्याच्या स्वभावातून आला आहे.

टोल्किनच्या मरणोत्तर, 1977 मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘द सिल्मरिलियन’मध्येही नेमकं हेच घडतं. फेआनोर या एल्फ कारागिराने दोन दिव्य वृक्षांचा प्रकाश ‘सिल्मरिल’ नावाच्या तीन मण्यांत कोंडला. त्यांना असं पावित्र्य दिलं गेलं, की दुष्टाचा हात लागला तर तो पोळावा. दुष्टांचा अधिपती मॉर्गोथ मणी चोरतो आणि त्याचे हात कायमचे करपतात. तेव्हा ही अट शत्रूपुरती वाटते. पण अखेरीस फेआनोरचे उरलेले दोन मुलगे रक्तपात करून आपला वारसा मिळवतात, तेव्हा मणी त्यांनाही पोळतो. एक मण्यासकट धगधगत्या दरीत उडी घेतो, दुसरा आपला मणी समुद्रात भिरकावतो. आपला हक्क कधीच संपला होता, हे त्यांना तळहाताची आग सांगते. उलट बाजूला क्रिप्टोनाइट पाहा. सुपरमॅनला दुबळं करणारा हा खनिज पदार्थ 1943 मध्ये रेडिओ मालिकेत आला. सर्वशक्तिमान नायकाला मर्यादा मिळाली हे योग्यच झालं, पण पुढे कॉमिक्समध्ये त्याचे लाल, सोनेरी, निळे असे प्रकार निघत गेले आणि लाल प्रकाराचा परिणाम तर दर वेळी वेगळा. 1971 मध्ये एका कथेत पृथ्वीवरच्या सगळ्या क्रिप्टोनाइटचं लोखंड करून टाकावं लागलं. दर वेळी बदलणारी अट ही अट राहत नाही, ती लेखकाची सोय होते.

यावर एक रास्त आक्षेप येतो: नियम घातले की जादूचं शास्त्र होतं आणि नवल मरतं. मला वाटतं, इथे कारण आणि मर्यादा यांची गल्लत होते. सिल्मरिल कशाचे घडले हे टोल्किन सांगत नाही, कृतीचं गूढ फेआनोरबरोबरच गेलं. पण ते कुणाला पोळतात हे लख्ख सांगितलं आहे. कारण खुशाल झाकून ठेवा, मर्यादा झाकू नका. लोककथेत कुठे असतात अटी, असंही कुणी म्हणेल. असतात की. परीससुद्धा सोनं करतो ते लोखंडाचंच.

अट कुठून आणायची, असा प्रश्न पडला तर मी खऱ्या दगडाकडे बोट दाखवतो. दख्खनच्या काळ्या कातळातल्या पोकळ्यांत झिओलाइटचे स्फटिक वाढतात. जळगाव, नाशिक, पुणे या भागांत विहीर खणताना किंवा खाणीत सुरुंग लावल्यावर ते उघडे पडतात. स्टिल्बाइट फिकट गुलाबी, मधोमध बांधलेल्या पेंढीसारखा. त्याच पोकळीत अनेकदा अपोफिलाइट भेटतो. त्याचा माथा मोत्यासारखा चमकतो आणि त्याच पातळीत तो सहज दुभंगतो. झिओलाइटच्या आतल्या सूक्ष्म वाटांत पाणी असतं. तापवला की ते निघून जातं, आणि पुष्कळ झिओलाइटमध्ये सांगाडा न मोडता नंतर पुन्हा शिरतं. आता पाण्याच्या जागी आठवण ठेवून बघा. धगीजवळ नेल्यावर रिता होणारा आणि मग जवळ येईल त्याची आठवण शोषून घेणारा स्फटिक. तो चुलीपासून लांब ठेवावा लागेल, तान्ह्या मुलापासून लांब ठेवावा लागेल आणि रिता झालेला स्फटिक लोक एकमेकांच्या उशाखाली लपवतील. तो खणून काढणाऱ्या मजुरांना संध्याकाळी घरची वाट आठवेल का, हेही लिहावं लागेल. हस्तलिखितांत मला हा खणणारा माणूस जवळजवळ कधीच दिसत नाही, स्फटिक थेट राजपुत्राच्या हातात असतो. पहिलं प्रकरण त्या खाणीवर लिहून पाहा.