कंठातला वारसा

जळगावपासून अजिंठ्याची लेणी साठेक किलोमीटरांवर आहेत. १९८३ पासून ती जागतिक वारसा यादीत असून त्यांच्या भिंतींवरील रंग टिकावेत म्हणून पुरातत्त्व खाते डोळ्यांत तेल घालून जपते. मेहरूणच्या आमच्या निवासी शाळेत सकाळ-सायंकाळ म्हटल्या जाणाऱ्या वंदनेला असा पहारेकरी नाही. ज्या दिवशी ती कोणी म्हणणार नाही, त्या दिवशी ती नसेल.

अशा वारशासाठी युनेस्कोने २००३ साली अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या संरक्षणाचा करार केला आणि २००५ मध्ये भारताने तो स्वीकारला. मौखिक परंपरा, लोककला, विधी, कारागिरी हे सारे त्यात येते. लडाखमधील बौद्ध सूत्रपठणाची २०१२ मध्ये या कराराच्या यादीत नोंद झाली. करारातील दोन गोष्टी आम्हांस विशेष मोलाच्या वाटतात. आपला वारसा कोणता, हे तो जगणाऱ्या समाजाने ओळखावयाचे आहे. आणि संरक्षणाच्या उपायांत नोंदणी व संशोधन यांच्याबरोबरच पुढील पिढीस शिकविणे हेही स्पष्टपणे सांगितले आहे. यादीत नाव येणे मानाचे खरे, पण यादी काही गात नाही.

बौद्ध परंपरेस हे फार पूर्वीच उमगले होते. भगवान बुद्धांची वचने कित्येक शतके लिहिलेली नव्हती. दीघनिकाय मुखोद्गत असणारे दीघभाणक, मज्झिमनिकाय मुखोद्गत असणारे मज्झिमभाणक, अशी भिक्खूंनी स्मरणाची वाटणीच करून घेतली होती. इ.स.पू. पहिल्या शतकात दुष्काळ व युद्ध यांनी श्रीलंकेतील संघ विखुरला, तेव्हा कुठे तिपिटक लिहून काढण्यात आले. विनयाच्या अट्ठकथेत एक कथा आहे. संकटकाळी महानिद्देस हा ग्रंथ पाठ असणारा एकच भिक्खू उरला, आणि तोही दुराचारी! तरीही ग्रंथ नाहीसा होऊ नये म्हणून थेरांच्या आग्रहावरून तो त्याच्याकडून शिकून घेण्यात आला. एका कंठावर ग्रंथ विसंबला की काय ओढवते, हे त्यांनी जाणले होते.

आपल्याकडे ही साखळी मध्यंतरी तुटली होती. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात ती पुन्हा जोडली गेली. त्याच वर्षी बाबासाहेबांची ‘बौद्ध पूजा पाठ’ ही पुस्तिका निघाली. परंतु ज्यांना अक्षरओळखच नव्हती, त्या आजी-आजोबांनी त्रिसरण-पंचशील कानांनी ऐकून पाठ केले आणि नातवंडांस दिले. त्यांच्या पाली उच्चारांत काही दोष राहिले असतील. ते शाळेने सुधारावेत, मात्र हसण्यावारी नेऊ नयेत.

वंदनेपेक्षा भीमगीतांची स्थिती अधिक नाजूक आहे. वंदना पुस्तकांत तरी आहे. भीमराव कर्डकांच्या जलशांपासून चालत आलेली, वामनदादा कर्डकांनी गावोगावी पोहोचविलेली ही गायकी मात्र माणसाकडून माणसाकडेच जाते. सिन्नर तालुक्यातील देशवंडीचे वामनदादा प्रौढपणी लिहा-वाचावयास शिकले, हे आम्ही विद्यार्थ्यांस आवर्जून सांगतो. आपल्याच जिल्ह्यात मुक्ताईनगरच्या प्रतापसिंग बोदडे यांनी तो वारसा चालविला. २०२२ मध्ये तेही गेले. १४ एप्रिलच्या मिरवणुकीत आज डीजेवर ही गाणी दणाणतात, त्यामुळे ती जिवंत आहेत असा भास होतो. वस्तुतः यंत्र वाजत असताना शेजारच्या मुलाचे ओठ मिटलेलेच असतात.

खान्देशातील अनेक घरांतून गायनपार्टीच्या जुन्या वह्या अद्याप आहेत. त्यांत गीताच्या डोक्यावर ‘चाल’ म्हणून दुसऱ्याच एखाद्या गाण्याचा पहिला शब्द लिहिलेला असतो. कधी तो चित्रपटगीताचा असतो, कधी भजनाचा, तर कधी अहिराणी लग्नगीताचा. ते मूळ गाणे विस्मरणात गेले की वहीतील शब्द शाबूत राहूनही गीत मुके होते. म्हणून माजी विद्यार्थ्यांस व पालकांस आमची विनंती आहे. वहीची छायाप्रत आम्ही ठेवूच, परंतु नुसती वही पाठवू नये. ती गाणारे आजोबा किंवा आजी असतील तर एखाद्या रविवारी त्यांना सोबत आणावे. ढोलकी शाळेत आहे, आणि ठेका धरावयास पाचवी-सहावीची मुले उत्सुक आहेत.