जात्यासमोर मोबाईल ठेवताना

डॉक्युमेंटरी म्हटलं की आपल्याला काय आठवतं? डोंगर, धुकं, डोक्यावर हंडा घेतलेली बाई आणि मागून एक भारदस्त आवाज तिची माहिती सांगतोय. ती बाई मात्र गप्पच!

पुणे जिल्ह्यातल्या डोंगराळ भागात हे उलटं घडलंय. गरीब डोंगरी संघटनेच्या कामात हेमा राईरकर आणि गी पोइटवाँ या दोघांच्या लक्षात आलं, की या बाया सभेत बोलताना बिचकतात, पण जात्यावर बसल्या की सासर, माहेर, भाऊ, विठ्ठल, बाबासाहेब, सगळ्यावर बोलतात. मग ओव्या उतरवून घेणं सुरू झालं. नव्वदच्या दशकात बर्नार्ड बेल आले. हा माणूस इंजिनिअर आणि संगणकावर संगीताचा अभ्यास करणारा (म्हणजे आपल्यातलाच!). त्यांनी डेटाबेस बांधला आणि डिजिटल टेपवर शंभर तासांहून जास्त रेकॉर्डिंग केलं. हजारावर गावं, लाखाहून जास्त ओव्या! 2017 पासून 'पारी' हा संग्रह प्रसिद्ध करू लागलं. त्यांची माणसं त्याच बायांकडे परत जाऊन व्हिडिओही घेऊन आली. त्यात आपल्या शिरूर तालुक्यातलं सविंदणे गावही आहे.

मला त्यातली सगळ्यात मोठी गोष्ट वाटते ती साधी आहे. ओवीबरोबर गाणारीचं नाव आणि गाव लिहिलेलं असतं. शाळेच्या पुस्तकात खाली नुसतं 'लोकगीत' छापायचे, जणू ते झाडाला लागलं होतं!

दिवाळीत मी शिरूरकडच्या आमच्या गावी मोबाईल घेऊन आजीसमोर बसले. "आजी, ओव्या म्हण ना." आजी म्हणाली, "अशी बसून कशी आठवंल? खुंटा दे हातात." पिठाची गिरणी आल्यापासून जातं गोठ्यामागे पडलेलं, खुंटा कधीच गेलेला. काकांनी बाभळीचा तुकडा तासून ठोकला. एक हात दळतो, दुसरा मुठीने वैरण घालतो, आणि फेऱ्याच्या लयीत ओळ येते. फेरा थांबला की ओळही अडते, हे मी डोळ्यांनी पाहिलं.

पहिलं रेकॉर्डिंग वाया गेलं. मोबाईल जात्याशेजारी जमिनीवर ठेवला होता, त्यामुळे नुसती घरघर! दुसऱ्यांदा तो उशीवर, तिच्या तोंडाच्या उंचीला ठेवला. कॉन्व्हेंटवालीला निम्मे शब्द कळले नाहीत, ते आजीलाच विचारून लिहिले. माझ्या मनाने अर्थ लावला तो दोनदा चुकला होता.

शेवटी तिने विचारलं, "नाव लावशील ना माझं?" मी तिचं नाव लिहून दाखवलं. ती म्हणाली, "हे सासरचं. ओव्या आईच्या हायेत, दौंडकडच्या. माहेरचं बी लिही."

ते नाव मला वीस वर्षांत माहीत नव्हतं.