काळाचे वलय आणि तर्काची गाठ

मी कला शाखेचा विद्यार्थी. विज्ञानाशी माझा संबंध दहावीनंतर सुटला. तेव्हा काळाच्या प्रश्नावर मी लिहावे हे काहींना धाडसाचे वाटेल. परंतु या प्रश्नाकडे जाणारी एक वाट तर्कशास्त्राच्या वर्गातून निघते. त्या वाटेने मी थोडा चाललो आहे, एवढेच माझे भांडवल.

सरांनी एकदा फळ्यावर लिहिले, ‘हे वाक्य खोटे आहे.’ ते खरे मानावे तर खोटे ठरते आणि खोटे मानावे तर खरे ठरते. वाक्य स्वतःविषयीच बोलू लागले की कधी कधी अशी गाठ पडते. याला स्वसंदर्भाचा विरोधाभास म्हणतात. आपल्या नैयायिकांनीही, एखादी गोष्ट सिद्ध होण्यासाठी स्वतःचाच आधार घेते तेव्हा तेथे ‘आत्माश्रय’ हा दोष मानला आहे.

कुर्ट गोडेल या गणितज्ञांनी १९३१ साली या गाठीचा उपयोगच करून घेतला. त्यांनी अंकगणिताच्या भाषेत असे विधान रचले की, ज्याचा आशय ‘मी या पद्धतीत सिद्ध होऊ शकत नाही’ असा आहे. पद्धती सुसंगत असेल तर हे विधान तिच्यात सिद्ध होत नाही. आणि म्हणूनच ते खरे असते!

याच गोडेल यांनी १९४९ साली, आइन्स्टाइन यांच्या सत्तराव्या वाढदिवसानिमित्त निघालेल्या अंकात, सापेक्षतेच्या समीकरणांतून एका फिरत्या विश्वाचे गणित मांडले. त्या विश्वात प्रवासी पुढे पुढे जात आपल्याच भूतकाळात येऊन पोहोचू शकतो. आपले विश्व प्रसरण पावते, गोडेल यांचे पावत नाही. म्हणजे ते आपले विश्व नव्हे. परंतु वाक्य जसे स्वतःकडे वळते तसा काळही वळू शकतो, एवढे त्यांनी गणिताने दाखविले.

विज्ञानकथेत ही कल्पना त्याआधीच आली होती. रॉबर्ट हाइनलाइन यांच्या १९४१ च्या एका कथेत नायकाला भविष्यकाळात शब्दांची एक वही मिळते. ती जीर्ण झाली म्हणून तो नव्या वहीत उतरवून घेतो. पुढे कळते की, ही नवी वही म्हणजेच त्याला मिळालेली ती वही. मग ते शब्द प्रथम जमविले कोणी?

आता माझेच उदाहरण घेतो. माझे वडील चौथीतून शाळा सोडून सालगडी म्हणून राहिले. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढणारा मी पहिलाच. लहानपणी वाटे, मागच्या काळात जावे आणि त्यांना पुन्हा शाळेत बसवावे. पण ते शिकले असते तर मागे जाण्याचे मला कारणच उरले नसते. मी गेलो नसतो तर ते शिकले नसते. म्हणजे फळ्यावरचेच वाक्य!

रशियन शास्त्रज्ञ इगोर नोव्हिकोव्ह यांचे यावर उत्तर असे की, काळाचे वलय असलेच तर त्यात परस्परांशी सुसंगत घटनाच घडतील. समजा, बिलियर्डचा चेंडू वलयातून मागे येऊन स्वतःलाच धडकला आणि त्याची वलयाकडची वाट चुकली, तर? १९९१ साली शास्त्रज्ञांनी गणित करून दाखविले की, येथेही सुसंगत उत्तर निघते. चेंडूला निसटता धक्का बसतो, तरी तो वलयात शिरतोच. आणि तोच निसटता धक्का देण्यासाठी बाहेर येतो. स्टीफन हॉकिंग यांनी मात्र १९९२ साली, निसर्गाचे नियम अशी वलये तयारच होऊ देत नसावेत, असा तर्क मांडला. प्रत्यक्षात असे वलय अद्याप कोणी पाहिलेले नाही.

दिवाळीच्या सुट्टीत हे सारे मी वडिलांना सांगितले. ते म्हणाले, “लेका, मागं जाऊन काय करशील? शाळा तर होतीच की. घरात भाकरी नव्हती.”

माझ्या गणितात हे आलेच नव्हते. वडिलांना शाळेत बसवायचे तर आधी घरात भाकरी हवी, भाकरीसाठी जमीन हवी, जमिनीसाठी त्याही मागे जायला हवे. नैयायिक अशा न संपणाऱ्या मालिकेला ‘अनवस्था’ म्हणतात. एकच घटना बदलून इतिहास बदलत नाही, हे मला पुस्तकाआधी वडिलांच्या वाक्याने पटले.

विवेचनात चूक असल्यास जाणकारांनी अवश्य दाखवावी. वडिलांच्या वाक्यात मात्र मला अजून चूक सापडलेली नाही.