कल्पित पोथी रचणाऱ्या पुतणीस

गिरगाव, मुंबई



लालबागच्या घरी तू जी अद्भुत कादंबरी लिहीत आहेस, तिच्या केंद्रस्थानी एका कल्पित राज्यातील गूढविद्येची पवित्र पोथी असल्याचे पत्रावरून कळले. संकल्प स्तुत्य आहे. परंतु सोबतच्या प्रकरणांत पोथीचे तेज आणि ती उघडताच होणारा कडकडाट यांचे वर्णन कित्येक पाने चालते, आणि ती कोणी सांगितली, कोणी नकलली, कोणापासून लपवली याविषयी एक ओळही येत नाही. ग्रंथाला पावित्र्याचे वजन चमत्काराने येत नाही. ज्यांनी तो जपला त्यांच्या श्रमाने, भीतीने आणि मतभेदांनी येते, एवढेच या पत्रात सांगावयाचे आहे.

याचा उत्तम नमुना महाराष्ट्रातच आहे. महानुभाव पंथाचे प्रवर्तक, तेराव्या शतकातील श्रीचक्रधरस्वामी यांच्या लीळा, म्हणजे त्यांच्या चरित्रातील प्रसंग, पंथातील म्हाइंभटांनी अनुयायांकडून विचारून विचारून गोळा केल्या आणि नागदेवाचार्यांच्या देखरेखीखाली ‘लीळाचरित्र’ सिद्ध केले. पंथाच्या परंपरेनुसार मूळ प्रत पुढे परचक्राच्या धामधुमीत हरवली, तेव्हा शिष्यांनी आठवणीतून ग्रंथ पुन्हा उभा केला आणि साहजिकच त्याचे अनेक पाठ झाले. पाठ म्हणजे एकाच मजकुराचे परंपरेने हाती आलेले एक रूप. कोणाच्या आठवणीत प्रसंग कसा होता हे नोंदवून ठेवण्याची त्या मंडळींची रीत होती, त्यामुळे मतभेद झाकले गेले नाहीत. कादंबरीतील पोथीचेही मूळ हरवलेले असावे, तिचे दोन पाठ असावेत, आणि ज्या एका वचनावर ते फुटतात त्याच वचनावर दोन मठांचे वैर उभे राहावे. उपदेशाची वचने थोडी आणि आखूड असावीत. त्याच पंथातील केसोबासांनी संकलित केलेल्या, चक्रधरांच्या वचनांच्या ‘सूत्रपाठा’तील कितीतरी सूत्रे, ती ज्या प्रसंगी उच्चारली गेली तो प्रसंग कळल्यावाचून उलगडत नाहीत, म्हणून प्रत्येक गूढ वचनामागे कोणाचा तरी प्रश्न, दुःख किंवा हट्ट उभा असला पाहिजे.

महानुभाव पंथाने आपले ग्रंथ पुढे सांकेतिक लिप्यांत लिहिले. त्यांतील सर्वांत प्रचलित सकळ लिपीत एका अक्षराऐवजी ठरलेले दुसरे अक्षर वा चिन्ह येते, आणि ज्याला ही किल्ली ठाऊक नाही त्याला पान निरर्थक दिसते. या गुप्ततेने ग्रंथांचे रक्षण झाले, परंतु बाहेर पंथाविषयी गैरसमजही वाढले, आणि मराठीच्या आद्य गद्याचा ठेवा सर्वसामान्य मराठी वाचकाला शतकानुशतके अपरिचित राहिला. विसाव्या शतकाच्या आरंभी वि. का. राजवाडे, वि. ल. भावे आदी संशोधकांमुळे तो प्रकाशात येऊ लागला. कल्पित पोथी लपवायची असल्यास त्या लपवण्याची किंमतही कथेत कोणीतरी मोजली पाहिजे.

पोथीच्या चुकाही तितक्याच उपयोगी असतात. ओळींत एकच शब्द दोनदा आला की नकलकाराची नजर घसरते आणि मधला मजकूर गळतो. समासात लिहिलेली टीप पुढच्या नकलेत मूळ वचन होऊन बसते. कोठे हरताळ, म्हणजे पिवळे खनिज द्रव्य, फासून अक्षर बुजवलेले असते. शके १२१२, म्हणजे इ. स. १२९० मधील ‘ज्ञानेश्वरी’त असे अपपाठ शिरलेले पाहून एकनाथांनी शके १५०६, म्हणजे १५८४ साली तिची शुद्ध प्रत सिद्ध केली आणि पुढे कोणी तीत आपली ओवी घालू नये असे बजावले. ज्या ग्रंथात भर घालण्याचा मोह भक्तांनाच होतो, त्या ग्रंथाचे सामर्थ्य वेगळे वर्णावे लागत नाही.

इंग्रजीतील भयकथाकार लव्हक्राफ्टने आपल्या ‘नेक्रोनॉमिकॉन’ या कल्पित ग्रंथाचा भाषांतरांसह, बंदीसह असा बेमालूम इतिहास १९२७ साली लिहिला, की पुढे कित्येकांनी तो खरा मानला आणि त्या नावाची पुस्तकेही बाजारात आली. म्हणून कल्पनेने रीत उचलावी, परंतु आजही नित्य आचरल्या जाणाऱ्या पंथांची नावे, वचने आणि श्रद्धा कथेच्या सोयीसाठी वापरू नयेत.

लालबागहून दादर दूर नाही. १८९८ साली स्थापन झालेल्या मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयात जाऊन वि. भि. कोलते यांनी संपादित केलेले, १९७८ साली प्रसिद्ध झालेले ‘लीळाचरित्र’ मागावे आणि त्याची प्रस्तावना आधी वाचावी. गिरगाव चौपाटीवरच्या विल्सन कॉलेजात एके काळी संस्कृत शिकवणाऱ्या ह. दा. वेलणकरांनी फोर्टातील एशियाटिक सोसायटीच्या संस्कृत-प्राकृत हस्तलिखितांची सूची केली आहे. तीही चाळावी, म्हणजे पोथीची ओळख किती बारकाव्यांनी करून द्यावी लागते ते ध्यानात येईल. त्यानंतर कडकडाटाची पाने काढून टाकावीत आणि पोथी नकलणाऱ्या माणसापासून कादंबरीला नव्याने आरंभ करावा.



शुभचिंतक,
काका