काळेवाडीतून माहितीपट काढायचा, तर पैसा कुठे जातो?

आपल्या पिंपरी-चिंचवड भागातल्या कामगारांवर माहितीपट काढायचा असेल, तर कॅमेऱ्याच्या दुकानात सगळ्यात शेवटी जा. माहितीपटकार आनंद पटवर्धन यांच्या ‘जय भीम कॉम्रेड’ला १४ वर्षं लागली. जुलै १९९७ मध्ये घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात १० जण मारले गेले. पाठोपाठ शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. तिथून सुरू झालेलं काम २०११ साली पडद्यावर आलं. असा माहितीपट सगळ्यात जास्त वेळ खातो. म्हणून घरभाडं आणि किराणा अंदाजपत्रकाच्या पहिल्या ओळीत लिहा.

चित्रीकरण मोबाइलवर सुरू करा. आवाजासाठी मात्र पैसे काढाच. कॉलरला लावायचा वायरचा माइक हजाराच्या आसपास मिळतो. काळेवाडी फाट्याच्या रहदारीत त्याच्याशिवाय शब्द कळणार नाही, आणि धूसर चित्र चालवून घेणारा प्रेक्षक न कळणारा आवाज चालवून घेत नाही.

पुढचा खर्च हार्ड डिस्कचा. फोर-के चित्रीकरण १०० मेगाबिटने केलं तर तासाला ४५ जीबी, म्हणजे ६० तासांना २.७ टीबी. ४ टीबीच्या दोन डिस्कना वीस-पंचवीस हजार धरा. दुसरी प्रत टाळू नका; माणूस पोटातलं एकदाच बोलतो.

मुलाखतीसाठी कंत्राटी कामगाराचा रोज बुडवू नका. इथल्या बऱ्याच कारखान्यांना गुरुवारची सुट्टी असते, पण तो दिवस त्याच्या घरच्यांचाही आहे, तासाभरात आटपा. शिफ्ट सुटताना गेटवर चेहरे टिपू नका. नोकरी त्याची जाईल, तुमची नाही.

सरकारी कागद स्वस्त आहेत: माहिती अधिकाराचा अर्ज १० रुपये, प्रत पानाला २ रुपये. जुन्या चित्रफितींवरचा कॉपीराइट प्रदर्शनानंतर ६० वर्षं टिकतो; त्याआतलं काही वापरायचं तर लेखी परवानगी आणि तिचे पैसे आले.

जाहीर प्रदर्शनाला सेन्सॉर प्रमाणपत्र लागतं. त्याच्या शुल्कासोबत वकिलासाठीही रक्कम बाजूला ठेवा. ‘वॉर अँड पीस’ला कात्री लागू नये म्हणून पटवर्धनांना मुंबई उच्च न्यायालयात जावं लागलं. ‘फादर, सन अँड होली वॉर’ दूरदर्शनवर दाखवण्याचा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि २००६ साली निकाल त्यांच्या बाजूने लागला.

पहिला खेळ मात्र त्याच कामगारांच्या वस्तीत लावा. पडदा, प्रोजेक्टर, स्पीकरचं भाडं सुट्टीच्या आदल्या, म्हणजे बुधवार रात्रीसाठी आधीच ठरवून घ्या.