एका छपराखालची बाजारपेठ

मुलांनो, अनेक दुकाने एका छपराखाली सामावून घेणारा मॉल तुम्हांला ठाऊक असेल. त्याची कल्पना व्हिक्टर ग्रूएन या वास्तुशिल्पज्ञाची.

ग्रूएन यांचा जन्म १९०३ साली व्हिएन्ना नगरीत झाला. तेथील चौकांत लोक निवांत बसत, गप्पागोष्टी करीत. १९३८ साली नाझींनी ऑस्ट्रिया गिळंकृत केला, तेव्हा ते अमेरिकेस गेले. तेथील उपनगरांत घरे दूरदूर विखुरलेली. मोटारीवाचून कोठे जाणे नाही आणि चार माणसे भेटावीत अशी जागाही नाही! हे पाहून त्यांनी मिनेसोटा राज्यात ‘साउथडेल’ची रचना केली. १९५६ साली ते खुले झाले. बाहेर हिमवर्षाव होत असला, तरी आतील प्रशस्त चौकात सदैव वसंत नांदे.

सभोवती घरे, शाळा व उद्याने असावीत, ही त्यांची मूळ योजना मात्र पूर्णत्वास गेली नाही. जगाने अनुकरण केले ते दुकानांचे आणि विस्तीर्ण वाहनतळांचे. व्यथित होऊन १९७८ साली ग्रूएन यांनी अशा मॉलांचे जनकत्वच नाकारले.

पुढे अमेरिकेत मॉल गरजेहून अधिक झाले. लोक घरबसल्या वस्तू मागवू लागले. एकविसाव्या शतकात कित्येक मॉल ओस पडले. साउथडेल अद्याप चालू आहे आणि आता त्याच्या शेजारी निवासी इमारतीही उभ्या राहिल्या आहेत. माणसांच्या वस्तीवाचून बाजारास शोभा नाही, हे ग्रूएन यांनी आरंभीच ओळखले होते.